उत्तर आयर्लंड : ना धर्मयुद्ध, ना एका हस्तांदोलनाने सुटलेला प्रश्न

जगात कुठेही धार्मिक तेढीची बातमी आली की उत्तर आयर्लंडविषयीचा एक मजकूर मराठी समाजमाध्यमांवर फिरू लागतो. त्याचा आशय असा : तिथे कॅथलिक आणि प्रोटेस्टंट चारशे वर्षे धर्मापायी एकमेकांचे गळे कापत होते; ब्रिटिश सैन्याने मध्ये पडून तीस वर्षे दोघांना आवरले; अखेर दोन्ही बाजू थकल्या, १९९८ मध्ये दोन नेत्यांनी हात मिळवले, त्यांना नोबेल मिळाले आणि प्रश्न कायमचा सुटला. शेवटी एक सल्लाही असतो. या विषयावरचे प्रत्येक पुस्तक एका बाजूच्या प्रचाराचे असल्यामुळे ती वाचण्यात वेळ घालवू नये, असे तो सांगतो. या मजकुरातले जवळजवळ प्रत्येक विधान चुकीचे आहे आणि शेवटचा सल्ला सर्वांत घातक आहे, कारण बाकीच्या चुका ज्या पुस्तकांमुळे दुरुस्त होऊ शकतात त्यांच्यापासूनच तो वाचकाला दूर ठेवतो.

पहिला दावा धर्माचा. संघर्ष धर्मतत्त्वांवरून असता तर मागण्याही धर्माच्या असत्या. १९६७ मध्ये स्थापन झालेल्या उत्तर आयर्लंड नागरी हक्क संघटनेच्या मागण्या पाहाव्यात. स्थानिक निवडणुकांत प्रत्येक प्रौढाला एक मत, प्रभागांच्या सीमांची न्याय्य आखणी, सरकारी घरांचे व नोकऱ्यांचे भेदभावरहित वाटप, पोलिसांना अमर्याद अधिकार देणारा विशेषाधिकार कायदा रद्द करणे आणि ‘बी स्पेशल्स’ हे सहायक पोलीस दल बरखास्त करणे, अशा त्या मागण्या होत्या. त्यांत पोप, बायबल किंवा उपासनेचा उल्लेखही नाही. डेरी शहरात सुमारे दोन तृतीयांश लोकसंख्या कॅथलिक होती, तरी प्रभागांची आखणी अशी केली होती की नगरपालिकेत युनियनवाद्यांना, म्हणजे ब्रिटनशी असलेली जोडणी टिकवू पाहणाऱ्यांना, १२ आणि राष्ट्रवाद्यांना, म्हणजे आयर्लंडशी एकीकरण हवे असणाऱ्यांना, ८ जागा मिळत. स्थानिक मतदानाचा हक्क घरपट्टी भरणाऱ्यांपुरता मर्यादित असल्याने सरकारी घर मिळणे म्हणजेच मत मिळणे होते, आणि म्हणून घरांचे वाटप हाच राजकारणाचा गाभा झाला होता. जून १९६८ मध्ये कॅलिडन या खेड्यात मुलाबाळांची कॅथलिक कुटुंबे घराच्या प्रतीक्षेत असताना एका १९ वर्षांच्या अविवाहित प्रोटेस्टंट तरुणीला घर देण्यात आले, तेव्हा ऑस्टिन करी हे आमदार निषेध म्हणून त्या घरातच जाऊन बसले. पुढच्या मोर्चांची ठिणगी तिथे पडली. ५ ऑक्टोबर १९६८ रोजी डेरीतल्या मोर्चावर पोलिसांनी केलेला लाठीमार दूरचित्रवाणीवरून सगळीकडे दिसला आणि मग परिस्थिती हाताबाहेर जात राहिली.

धर्माचा काहीच संबंध नव्हता, असे मात्र मी म्हणणार नाही. मूल कोणत्या शाळेत जाते, कुटुंब कोणत्या वस्तीत राहते, लग्न कोणाशी होते, हे सारे धर्मावरून ठरत होते आणि अनेक निरपराध माणसे केवळ त्यांच्या धर्मामुळे मारली गेली. इयन पेझली यांच्यासारख्या धर्मोपदेशकाने तर रोमच्या द्वेषावर आपले राजकारण उभे केले. पण धर्म ही तिथे मुख्यतः ओळख होती. भांडण होते ते या भूमीवर राज्य ब्रिटनचे असावे की आयर्लंडचे, आणि त्या राज्यात आपल्याला बरोबरीचे स्थान आहे की नाही, याचे. हा भेद मान्य केला नाही तर १९९८ चा करार कसा झाला हेच कळत नाही. श्रद्धेचा वाद वाटाघाटींच्या टेबलावर सुटत नाही. मतदान, पोलीस, सीमा आणि सत्तावाटप यांवर मात्र तडजोड होऊ शकते.

दुसरा दावा चारशे वर्षांचा. १६०९ पासून आयर्लंडच्या उत्तरेतल्या अल्स्टर प्रांतात स्कॉटिश आणि इंग्रज प्रोटेस्टंटांची वसाहत करण्यात आली, इतका त्याला आधार आहे. पण मधल्या काळात अखंड युद्ध चालू होते, हे खरे नाही. १७९१ मध्ये बेलफास्टमध्ये ‘युनायटेड आयरिशमेन’ ही संघटना स्थापन करणारे बहुतेक जण प्रेस्बिटेरियन होते, त्यांचा प्रेरणास्रोत वुल्फ टोन अँग्लिकन होता, म्हणजे दोन्ही प्रोटेस्टंट पंथांचेच, आणि कॅथलिक-प्रोटेस्टंट भेद मोडून ब्रिटनपासून स्वतंत्र होणे हे त्यांचे ध्येय होते. एकोणिसाव्या शतकात होमरूलची चळवळ शिखरावर नेणारे पार्नेल हेही प्रोटेस्टंट जमीनदार होते.

होमरूल हा शब्द मराठी वाचकाला परका नाही. टिळकांनी १९१६ मध्ये बेळगावला होमरूल लीग स्थापन केली ती आयर्लंडचा आदर्श समोर ठेवून, आणि न. चिं. केळकरांनी आयर्लंडचा इतिहास मराठीत लिहिला. आपल्या आजोबा-पणजोबांच्या मनातले आयर्लंड म्हणजे इंग्रजांविरुद्ध उभा राहिलेला एकसंध देश. त्या चित्रात एक गोष्ट राहून गेली. जे होमरूल आपल्याला मुक्तीचे वाटत होते, त्याच्याच विरोधात १९१२ मध्ये अल्स्टरमधल्या साडेचार लाखांहून अधिक स्त्री-पुरुषांनी प्रतिज्ञापत्रावर सह्या केल्या होत्या. डब्लिनच्या राज्यात आपण अल्पसंख्य ठरू, ही त्यांची भीती खरी होती. १९२१ च्या फाळणीने सहा परगण्यांचे उत्तर आयर्लंड निर्माण झाले आणि ती भीती उलटी फिरून तिथल्या कॅथलिकांच्या वाट्याला आली. युनियनवाद्यांची ही बाजू समजून न घेता या विषयावर बोलणे मला अप्रामाणिकपणाचे वाटते.

तिसरा दावा ब्रिटिश सैन्याच्या तटस्थ पंचगिरीचा. ऑगस्ट १९६९ मध्ये सैन्य रस्त्यावर उतरले तेव्हा अनेक कॅथलिक वस्त्यांनी त्याचे स्वागत केले, ही गोष्ट खरी आहे आणि ती नोंदवली पाहिजे. पुढे काय झाले तेही नोंदवले पाहिजे. ९ ऑगस्ट १९७१ पासून खटल्याविना स्थानबद्धता सुरू झाली आणि पहिल्या धरपकडीत पकडलेले जवळजवळ सगळे कॅथलिक होते. ३० जानेवारी १९७२ रोजी डेरीत स्थानबद्धतेविरुद्ध निघालेल्या मोर्चावर पॅराशूट रेजिमेंटने गोळीबार केला. १३ जण तिथेच मेले, एक जण नंतर दगावला. त्या मोर्चाच्या पुढाऱ्यांत आयव्हन कूपर हे प्रोटेस्टंट आमदार होते, हे पहिल्या दाव्याच्या संदर्भातही लक्षात ठेवावे. त्याच वर्षीच्या विजरी चौकशीने सैन्याला मोठ्या प्रमाणात दोषमुक्त केले. मृतांपैकी कोणाकडूनही सैनिकांच्या जिवाला धोका नव्हता, हे अधिकृतपणे मान्य व्हायला २०१० चा सॅव्हिल अहवाल यावा लागला, आणि मग पंतप्रधान कॅमेरून यांनी संसदेत माफी मागितली. १९८९ मध्ये वकील पॅट फिनुकेन यांचा खून झाला. त्यात सरकारी यंत्रणेतल्या लोकांची लॉयलिस्ट, म्हणजे ब्रिटनच्या बाजूच्या सशस्त्र गटांतल्या, मारेकऱ्यांशी संगनमताची पातळी धक्कादायक होती, अशी कबुली कॅमेरून यांनीच २०१२ मध्ये दिली.

याचा अर्थ सैन्य हाच मुख्य खलनायक होता, असाही नाही. एकूण ३,५०० हून अधिक बळींपैकी सुमारे ६० टक्के मृत्यूंना प्रजासत्ताकवादी, म्हणजे एकसंध आयर्लंडसाठी लढणारे, सशस्त्र गट, मुख्यतः आयआरए (आयरिश रिपब्लिकन आर्मी), जबाबदार होते; सुमारे ३० टक्क्यांना लॉयलिस्ट गट, आणि सुमारे १० टक्क्यांना सैन्य व पोलीस. मेलेल्यांत निम्म्याहून अधिक सामान्य नागरिक होते. आयआरएचे उदात्तीकरण करणाऱ्यांनी आणि सैन्याला पंच म्हणणाऱ्यांनी, दोघांनीही हे आकडे शेजारी शेजारी ठेवून वाचावेत.

चौथा दावा मला सर्वांत अन्यायकारक वाटतो : दोन्ही बाजू थकल्या आणि दोन नेत्यांनी हात मिळवले. थकवा होता, पण थकव्यातून आपोआप करार होत नाही. १९७२ मध्ये, सर्वांत रक्तरंजित वर्षात, जवळपास ४८० माणसे मेली, आणि त्यानंतरही हिंसा दोन दशकांहून अधिक चालली. १९७३ च्या डिसेंबरमध्ये सनिंगडेल येथे सत्तावाटपाचा करार झाला होता. मे १९७४ मधल्या युनियनवादी कामगारांच्या संपाने तो पाडला. १९९८ चा करार म्हणजे उशिरा शिकणाऱ्यांसाठीचे सनिंगडेल, असे राष्ट्रवादी नेते शेमस मॅलन म्हणत. त्या वाक्यातला विषाद, मधल्या चोवीस वर्षांतले मृत्यू आठवले की, समजतो.

त्या वर्षांत दाराआड काम करणारी माणसे या मजकुरातून पूर्णपणे गळली आहेत. डेरीचे व्यापारी ब्रेंडन डडी यांनी अनेक वर्षे ब्रिटिश सरकार आणि आयआरए यांच्यातला गुप्त दुवा सांभाळला. बेलफास्टच्या क्लोनार्ड मठातले फादर अ‍ॅलेक रीड यांनी मध्यममार्गी राष्ट्रवादी नेते जॉन ह्यूम आणि आयआरएशी जोडलेल्या शिन फेन या राजकीय पक्षाचे नेते जेरी अ‍ॅडम्स यांना बोलते केले. मार्च १९८८ मध्ये जमावाने आणि आयआरएने दोन ब्रिटिश सैनिकांना मारले, तेव्हा रस्त्यावर त्यांच्या मृतदेहांशेजारी गुडघे टेकून प्रार्थना करणारे धर्मगुरू हेच. त्या दिवशी त्यांच्याजवळ शिन फेनने ह्यूम यांच्यासाठी दिलेला शांततेविषयीचा मसुदा होता आणि रक्त लागलेले पाकीट बदलून त्यांनी तो पोहोचवला. शिन फेनशी बोलल्याबद्दल ह्यूम यांच्यावर स्वपक्षातूनही कठोर टीका झाली. १९९४ च्या ऑगस्टमध्ये आयआरएने आणि ऑक्टोबरमध्ये लॉयलिस्ट गटांनी शस्त्रसंधी जाहीर केली. फेब्रुवारी १९९६ मध्ये लंडनच्या कॅनरी वॉर्फजवळच्या स्फोटाने आयआरएने ती मोडली. १९९७ मध्ये ती पुन्हा लागू झाली. १९९६ मध्ये मोनिका मॅकविल्यम्स आणि पर्ल सेगर यांनी स्थापन केलेल्या महिला आघाडीने निवडणुकीतून वाटाघाटींत दोन जागा मिळवल्या. जानेवारी १९९८ मध्ये लॉयलिस्ट कैद्यांनी वाटाघाटींचा पाठिंबा काढून घेतला तेव्हा ब्रिटिश मंत्री मो मोलम थेट मेझ तुरुंगात जाऊन त्यांना भेटल्या. अखेरच्या आठवड्यात आयर्लंडचे पंतप्रधान बर्टी अहर्न आईच्या अंत्यसंस्काराच्या दिवशीही बेलफास्टला ये-जा करत होते. ह्यूम आणि युनियनवादी नेते डेव्हिड ट्रिंबल यांना मिळालेले नोबेल मला योग्यच वाटते, विशेषतः ट्रिंबल यांनी स्वपक्षातला विरोध पत्करून जे केले त्यासाठी. पण ते दोघेच म्हणजे शांतता प्रक्रिया नव्हे.

करारात काय आहे हेही हा मजकूर सांगत नाही. बहुमताच्या संमतीशिवाय उत्तर आयर्लंडचे घटनात्मक स्थान बदलणार नाही. तिथल्या माणसाला ब्रिटिश, आयरिश किंवा दोन्ही म्हणवून घेण्याचा हक्क राहील. सरकार दोन्ही समाजांनी मिळून चालवायचे. उत्तर-दक्षिण आणि ब्रिटन-आयर्लंड अशा संस्था उभारायच्या. पात्र कैद्यांची दोन वर्षांत सुटका करायची. पोलीस दलाची पुनर्रचना करायची. २२ मे १९९८ च्या सार्वमतात उत्तरेत ७१ टक्के आणि आयर्लंड प्रजासत्ताकात ९४ टक्के मतदारांनी त्याला होकार दिला, आणि प्रजासत्ताकाने संपूर्ण बेटावरचा आपला घटनात्मक दावा सोडला. कैद्यांची सुटका बळींच्या कुटुंबांना किती जड गेली असेल, याचा विचार केल्याशिवाय या ७१ टक्क्यांची किंमत कळणार नाही.

प्रश्न १९९८ मध्ये सुटला, या पाचव्या दाव्याला फार शब्द लागत नाहीत. १५ ऑगस्ट १९९८ रोजी ओमा गावात करारविरोधी गटाच्या स्फोटात २९ जण मेले. आयआरएचे निःशस्त्रीकरण पूर्ण झाल्याची ग्वाही २००५ मध्ये मिळाली. पेझली आणि शिन फेनचे मार्टिन मगिनिस यांचे संयुक्त सरकार २००७ मध्ये आले. त्यानंतरही विधानसभा २०१७ ते २०२० आणि २०२२ ते २०२४ ठप्प होती. बेलफास्टमध्ये दोन वस्त्यांमधल्या भिंती अजून उभ्या आहेत, आणि दोन्ही समाजांची मुले मुद्दाम एकत्र शिकवणाऱ्या शाळांत दहा टक्क्यांहूनही कमी विद्यार्थी आहेत. तरीही रोजची हत्याकांडे थांबली, एक अख्खी पिढी त्यांच्याशिवाय वाढली, आणि हे यश लहान नाही.

आता पुस्तकांविषयी. प्रत्येक लेखक कुठेतरी उभा असतो, हे मान्य. पण कुठे उभे राहून लिहिले हे सांगणारे पुस्तक आणि प्रचारपुस्तक यांत फरक आहे. एमन मॅकॅन यांचे ‘वॉर अँड अ‍ॅन आयरिश टाउन’ हे १९७४ चे पुस्तक डेरीच्या बॉगसाइडमधल्या समाजवादी कार्यकर्त्याचे आहे आणि ते आपल्याच समाजातल्या चर्चला व राष्ट्रवादी पुढाऱ्यांनाही सोडत नाही. डेव्हिड बेरेसफर्ड यांचे ‘टेन मेन डेड’ हे १९८१ च्या उपोषणात मेलेल्या दहा प्रजासत्ताकवादी कैद्यांविषयी आहे. तुरुंगातून चोरून बाहेर आलेल्या चिठ्ठ्यांवर ते आधारलेले आहे, आणि लेखक बाहेरचा पत्रकार आहे. टोनी ब्लेअर यांचे मुख्य सहायक जोनाथन पॉवेल यांनी ‘ग्रेट हेट्रेड, लिटल रूम’ मध्ये वाटाघाटींची आतली बाजू लिहिली. त्यांचे वडील १९४० मध्ये आयआरएच्या हल्ल्यात जखमी झाले होते आणि भाऊ आयआरएच्या हत्यायादीवर होता. पहिल्या भेटीत अ‍ॅडम्स आणि मगिनिस यांच्याशी आपण हस्तांदोलन केले नाही, हे त्यांनी स्वतःच सांगितले आहे, आणि पुढची दहा वर्षे त्यांनी त्याच माणसांशी बोलण्यात घालवली. प्रचारकाला अशी कबुली परवडत नाही. अ‍ॅना बर्न्स यांच्या ‘मिल्कमन’ या २०१८ च्या बुकरविजेत्या कादंबरीत तर शहराला किंवा माणसांना नावेच नाहीत. पाळत, अफवा आणि आपल्याच गल्लीतल्या बंदूकधाऱ्यांचे भय त्यात आहे.

आणि ज्याला तरीही सर्व पुस्तके पक्षपाती वाटतात, त्याने ‘लॉस्ट लाइव्हज’ पाहावे. डेव्हिड मॅकिट्रिक आणि त्यांच्या चार सहकाऱ्यांनी तयार केलेला हा ग्रंथ १९९९ मध्ये आला. १९६६ पासूनच्या ३,६०० हून अधिक मृत्यूंची त्यात कालक्रमाने, क्रमांकाने नोंद आहे. सैनिक, पोलीस, आयआरएचा सदस्य, लॉयलिस्ट, दुकानदार, शाळकरी मूल, कोणालाही वेगळा विभाग नाही. प्रत्येकाच्या नावाखाली तो कोण होता, कसा मेला आणि मागे कोण राहिले हे दिले आहे. त्यातली १९७२ च्या जुलै महिन्याची पाने ओळीने वाचली की पुढच्या नोंदीत कोणत्या समाजाचा माणूस असेल याचा अंदाज बांधता येत नाही. ‘एका बाजूचा प्रचार’ हा आरोप त्या पानांवर नेमका कुठे लावायचा, हे हा मजकूर पुढे पाठवणाऱ्यांनी दाखवून द्यावे.