पाहुण्यांच्या भिंतीवर तुमचा जावई

याद्या झाल्या, कार्यालयाचा ॲडव्हान्स गेला, पत्रिकेत ‘कृपया आहेर आणू नये’ ही ओळ छापून झाली. आता उरलं ते खरं काम. लग्नाला आलेल्या प्रत्येक माणसाला जाताना भेटवस्तू देऊन त्याच्या घरात तुमची आठवण कायमची बसवायची. पूर्वी बेळगाव, खानापूर, निपाणीकडची माणसं याबाबतीत फार भोळी होती. नारळ, खण, टॉवेल-टोपी देऊन मोकळी व्हायची. नारळ वाटणात जायचा, टॉवेलाचं दोन वर्षांनी फडकं व्हायचं आणि लग्न कुणाचं होतं हे जेवणावरूनच आठवावं लागायचं. त्यातल्या त्यात हुशार मंडळी स्टीलच्या वाटीवर नाव घालून द्यायची, ते टिंबाटिंबांचं, मशीननं टोचलेलं. ते नाव घासून जात नाही, त्यामुळे आजही कितीतरी घरांत आमटी दुसऱ्याच्याच लग्नातून वाढली जाते. पण वाटीवर फोटो नव्हता. तुम्ही फोटो घाला.

सगळ्यात आधी घड्याळाचा विचार करा. बारा इंची गोल, तीन मिलिमीटर एमडीएफची, म्हणजे दाबलेल्या लाकडी भुशाची तबकडी, मागं क्वार्ट्झचं मशीन आणि एक पेन्सिल सेल. फोटो प्री-वेडिंगमधला निवडा, दोघांची डोकी एकमेकांना टेकलेली आणि चेहरे तबकडीभर. मशीनच्या दांडीसाठी मधोमध भोक पाडावं लागतं हे दुकानदार आपणहून सांगत नाही, तुम्हीही विचारू नका. भोक बरोबर दोघांच्या गालांच्या मध्ये येतं. नवरी नवऱ्याच्या डाव्या हाताला, म्हणजे बघणाऱ्याच्या उजवीकडे असते. त्यामुळे दर तासाला पंधराव्या मिनिटाला मोठा काटा नवरीच्या डोळ्यात जातो आणि पंचेचाळिसाव्या मिनिटाला नवऱ्याच्या नाकावर येतो. सेकंदकाटा तर मिनिटामिनिटाला दोघांना एकेक थोबाडीत देऊन पुढं जातो. काही घाबरट लोक चेहरे वरच्या अर्ध्यात घेतात आणि भोक शालू-शेरवानीवर येऊ देतात. पण मग चेहरे लहान होतात, आणि चेहरे लहानच करायचे होते तर एवढा खर्च कशाला?

दांडीची लांबीही बघू नका. एमडीएफ तीन मिलिमीटर, वर ॲक्रिलिक घेतलं तर आणखी दोन, शिवाय रबराचा वॉशर. एवढ्या जाडीतून दांडी बाहेर येऊन वर नटला पुरेसे आटे उरायला हवेत. आखूड दांडीचं मशीन घेतलं की नट कसाबसा दीड-दोन आटे धरतो आणि भिंतीवर महिनाभर राहिलं की मशीन मागच्या मागं लोंबायला लागतं. एक नमुना जोडून आठवडाभर चालवून बघावा आणि मगच बाकीच्यांची ऑर्डर द्यावी, असं जाणकार सांगतात. जाणकारांच्या घरी लग्न नसतं.

घड्याळ महाग वाटलं तर मग. कॉफीचा, ११ औंसचा, पांढरा. साध्या चिनीमातीच्या मगावर सब्लिमेशनची, म्हणजे तापवून कागदावरून उतरवायची शाई धरत नाही, वर पॉलिमरचा लेप लागतो. लेप नसलेला मग थोडा स्वस्त पडतो, म्हणून तोच घ्या. पहिल्या घासणीत नवरा-नवरी मोरीतून निघून जातील, तेवढीच हनिमूनची सोय. चित्र कागदावर उलटं छापायचं असतं, आरशात दिसतं तसं. घाईत सुलटं छापलं की मगावर नावं उलटी उमटतात आणि वाचायला आरसा लागतो. कागद टेपनं घट्ट आवळायचा. सैल राहिला, तापताना केसभर सरकला, की छाया दुहेरी उठते आणि एका नवऱ्याचे दोन दिसतात. नंतर मशीनमध्ये १८० ते २०० अंशांवर साधारण तीन मिनिटं दाबून ठेवायचं. साध्या मशीनमध्ये एका वेळी एकच मग बसतो. चढवणं-उतरवणं धरून मगामागे चार मिनिटं, म्हणजे ५०० मगांना दोन हजार मिनिटं, तेहतीस तास वीस मिनिटं. तीही करंट गेला नाही तर. तीन मिनिटांच्या मध्येच करंट गेला की चेहरे आजारी माणसासारखे फिके येतात. हा हिशेब डोक्यात ठेवून ऑर्डर हळदीच्या आदल्या दिवशी द्या.

आणि हो, कुणी गुळेदगुड्डच्या खणाची पोटली शिवून तिच्यावर हीच छपाई करायची कल्पना काढली तर जरूर करा. सब्लिमेशन पॉलिस्टरवर बसतं, सुती-रेशमी खणावर बसत नाही. खण मात्र बिचारा चांगला असतो, नाव धुऊन गेल्यावर वापरता येतो.

आता अक्षरं. मजकूर तुमच्या मोबाइलवर एकदम सुबक दिसतो. तो तसाच प्रेसवाल्याला पाठवा. त्याच्याकडच्या जुन्या सॉफ्टवेअरमध्ये मराठी नीट जुळत नसेल, तर अक्षराच्या आधी दिसायची ती ऱ्हस्व वेलांटी अक्षर ओलांडून पलीकडे जाते. ‘चि.’ मधला च उघडा पडतो आणि पूर्णविरामाला वेलांटी मिळते. जोडाक्षरं पाय मोडून उभी राहतात, श्रींचा श एकीकडे, र दुसरीकडे. यावर उपाय साधा आहे. मजकूर त्याच्याच मशीनवर टाइप करून घ्यायचा, किंवा फाइल कर्व्ह करून द्यायची, म्हणजे अक्षराचं चित्र होतं आणि मग ते कुठल्याही मशीनवर हलत नाही. नंतर कागदावर प्रूफ काढून घरातल्या दोघांनी वेगवेगळं वाचायचं. यात पाऊण तास जातो. तो पाऊण तास तुम्ही रिबनच्या रंगावर घालवा.

रिबनवरून आठवलं. भगवी बांधलीत तर एक अर्थ निघतो, कन्नड झेंड्याची लाल-पिवळी बांधलीत तर दुसरा. राखाडी घ्या. राखाडी रंगाचा अजून कुणाचा झेंडा नाही.

नावांच्या खाली गाव लिहायची हौस असते, आणि आपल्या भागात लग्न शोभून दिसतं ते इथंच. मराठीत बेळगाव. आजोबांच्या वेळचं बघितलं तर ‘बेळगांव’, अनुस्वारासकट. सरकारी कागदावर १ नोव्हेंबर २०१४ पासून बेळगावी. इंग्रजी बोलताना बेलगाम. मुलगा गोकाक किंवा बैलहोंगलकडचा असला तर एक कन्नड ओळही हवीच. मराठी ओळ वर घेतली की व्याही गप्प होतात, कन्नड वर घेतली की तुमचे चुलते. दुकानांच्या पाट्यांवर ६० टक्के कन्नड हवं हे २०२४ च्या कायद्यानं ठरवून टाकलंय, पण वाटीचं काय ते त्यात नाही. त्यातल्या त्यात सुरक्षित म्हणजे मजकूर काठाभोवती गोल फिरवायचा. गोलाला वर-खाली नसतं. सुरुवात कुठल्या भाषेपासून मोजायची, हे विचारणारा एखादा काका निघतोच. त्याला कुंद्याची एक वाटी जास्त द्यायची.

माल कोल्हापूरहून आणणार असाल तर मुहूर्त मे महिन्यातला धरा. १० मे २०२३ ला कर्नाटक विधानसभेचं मतदान होतं, ७ मे २०२४ ला बेळगाव-चिकोडीत लोकसभेचं, दोन्ही ऐन लग्नसराईत. आचारसंहितेत महाराष्ट्राच्या हद्दीवरच्या कोगनोळीच्या नाक्यावर गाडी उघडायला लावतात आणि आत निघतात ८०० स्टीलचे डबे, प्रत्येकावर हात जोडून हसणाऱ्या तरुणाचा फोटो आणि खाली ‘आपले स्नेहांकित’. हा उमेदवार नाही, नवरदेव आहे, हे पटवून द्यायला बिल, पत्रिका आणि हळदीतला एखादा फोटो डॅशबोर्डवर लागतो. हात न जोडलेला फोटो छापणं हा आणखी सोपा मार्ग होता, पण तो तुमच्या शानेला कमी पडला असता.

किती करायचे? पत्रिका ६००, तर डबे ६०० हा हिशेब कागदावर छान दिसतो. एका घरातून चार माणसं येतात, जेवून चार वेळेला चार दारांनी बाहेर पडतात आणि प्रत्येकजण एकेक उचलतो. दारात टेबलावर नुसतं ठेवलं तर अर्ध्या पंगतीतच संपतं. म्हणून टेबलामागं माणूस बसवायचा, आणि तो हमखास घरचाच, तोंड सांभाळणारा असावा. त्याला ऐकावं लागतं, “आमच्या घराला एकच काय ओ?” उत्तर तयार नसतं. मागच्या खोलीत ५० नग आधीच बाजूला काढून ठेवलेले असतात, ते अशाच वेळेला बाहेर येतात. ज्यांच्यासाठी काढून ठेवले होते, त्यांना मग काही मिळत नाही आणि ते आयुष्यभर विसरत नाहीत. आठवण म्हणतात ती हीच.

खायचं काही देण्याच्या फंदात मात्र अजिबात पडू नका. गोकाकचा करदंट आहे, कन्नडमधला करिद अंटु, म्हणजे तळलेला डिंक, त्यात गूळ आणि सुकामेवा. बरेच दिवस टिकतो, एसटीत दबला तरी काही बिघडत नाही, म्हातारी माणसं नाव घेऊन खातात. कुंदा खव्याचा, त्याला दिवस कमी, पण माणशी १०० ग्रॅम म्हटलं तरी हजार पाहुण्यांना १०० किलो, आणि लेबल लॅमिनेट केलं नाही तर तुपानं अक्षरं पारदर्शक होतात. दोन्हीत मुख्य दोष एकच आहे. लोक ते खातात. डबी फेकली की तुमचा जावईही गेला, भिंतीवर काही उरत नाही.

लग्नानंतर घड्याळं उरतील, शंभर-सव्वाशे धरून चाला. नाव आणि तारीख असल्यामुळे ती दुसऱ्या लग्नात चालत नाहीत. माळ्यावर चढवण्याआधी प्रत्येकाच्या मागचा सेल काढा, नाहीतर पावसाळ्यात गळून मशीन खातो. सेल वाया जात नाहीत. स्वयंपाकघरात ते जुनं, कुणाचाच फोटो नसलेलं घड्याळ आहे ना, त्याला बसतात.