'नेब्रास्का'चा आवाज कॅसेटमुळे नाही

अमेरिकन गायक ब्रूस स्प्रिंगस्टीनच्या १९८२च्या 'नेब्रास्का' या अल्बमचा विषय निघाला की कुणीतरी म्हणतंच, "घरी कॅसेटवर केलंय, म्हणून असं वाजतं." हे अर्धंच खरं आहे. आणि त्या अर्ध्या सत्यापायी पोरं आपल्या स्वच्छ रेकॉर्डिंगवर खरखर ओततात, याचं वाईट वाटतं.

न्यू जर्सीत, कोल्ट्स नेकच्या घरात वापरलेलं टीॲकचं पोर्टास्टुडिओ १४४, म्हणजे एकाच कॅसेटवर चार आवाज वेगवेगळ्या ट्रॅकवर घेणारं मशीन, टुकार नव्हतं. साधी कॅसेट, पण टेप नेहमीच्या दुप्पट वेगाने पळते आणि चारही ट्रॅक एकाच दिशेने. त्यामुळे कॅसेट उलटायची सोय नाही. ६० मिनिटांच्या कॅसेटवर १५ मिनिटं बसतात. पण वेग वाढल्यामुळे वरच्या पट्टीतले बारकावे नीट उतरतात. शिवाय खरखर कमी करायला डॉल्बी बी: रेकॉर्ड करताना वरच्या पट्टीतले हळू आवाज वाढवायचे, वाजवताना तेवढेच खाली आणायचे.

खरी गोम माईकमध्ये आहे. दोन शुअर एसएम ५७, एक गळ्यासाठी, एक गिटारसाठी, आणि दोन्ही एकाच वेळी चालू. बसून गाणाऱ्याचं तोंड आणि गिटार यांत अंतर ते किती? गिटारच्या माईकमध्ये गळा शिरतो, गळ्याच्या माईकमध्ये गिटार. एखादी ओळ घसरली तर तेवढीच पुन्हा गाऊन भागत नाही, कारण जुनी ओळ गिटारच्या ट्रॅकवर मागे पुसट ऐकू येतच राहते. म्हणजे गाणं पहिल्यापासून. गळा आणि गिटार एकत्र श्वास घेतात असं जे वाटतं, ते यामुळे. मग उरले दोन ट्रॅक. 'अटलांटिक सिटी'तला दुसरा आवाज नि मेंडोलिन त्यातच बसवलेत. जागाच नाही म्हटल्यावर भरताड होत नाही.

पोकळ, दूरवरून आल्यासारखा रंग चढला तो नंतर. मिक्स करताना एकोप्लेक्स (टेपवरून प्रतिध्वनी देणारं यंत्र) लावला आणि दोन ट्रॅकचं मिक्स उतरवलं पॅनासोनिकच्या एका बूमबॉक्सवर, तोही एकदा पाण्यात भिजून निघालेला. त्या मिक्समध्ये प्रतिध्वनी गळ्यात असा मुरला की पुन्हा वेगळा काढणं शक्यच नव्हतं. 'स्टेट ट्रूपर'च्या शेवटच्या किंकाळ्या हेडफोनवर ऐका, म्हणजे कळेल.

ही कॅसेट नुसता नमुना होती. खिशात, डबीशिवाय फिरत होती. ई स्ट्रीट बँड या आपल्या नेहमीच्या बँडसोबत हीच गाणी स्टुडिओत वाजवून पाहिली, पण कॅसेटमधलं काही हाती लागेना. शेवटी तीच छापायची ठरली, आणि मास्टरिंग, म्हणजे छापण्याआधीची शेवटची तयारी, नडलं. तबकडी कापताना डाव्या-उजव्या बाजूंच्या लाटा एकमेकींच्या उलट पडल्या की सुई आडवी न हलता वरखाली हलते, खाच उथळ होते आणि सुई उडते. आवाजाची पातळी खाली आणली तेव्हा कुठे तबकडी निघाली.

बँडसोबतचं ते रेकॉर्डिंग २०२५मध्ये बाहेर आलं. वादन दमदार आहे, पण माझं मत बदललं नाही. ढोल वाजायला लागले की गाण्यातला माणूस एकटा राहत नाही, आणि ही गाणी एकट्या माणसाचीच आहेत.

घरी असं काही करायचं असेल तर खरखरीचं प्लगइन काढून टाका. दोन माईक, एकाच वेळी. गिटारचा माईक बाराव्या फ्रेटकडे (दांडीवरच्या बाराव्या पट्टीकडे), वीतभर अंतरावर. साउंडहोलसमोर, म्हणजे गिटारच्या गोल भोकासमोर, धरलात तर खर्ज घुमेल. दोन्ही ट्रॅक एकत्र ऐकून आवाज पातळ वाटला तर इक्वलायझरला हात लावू नका, एक माईक दोन बोटं सरकवा. मोबाईलचा मेट्रोनोम बंद. आणि ओळ चुकली तर पहिल्यापासून.