आधी उसावरचा ड्रोन दुरुस्त करा

बेळगावात सध्या दोन विषयांवर कुणीही, कधीही आणि कितीही वेळ बोलू शकतं. एक सीमाप्रश्न, तो जुना. दुसरा ड्रोन, तो नवा. मे २०२५ मध्ये 'ऑपरेशन सिंदूर'च्या काळात एका रात्रीत पाकिस्ताननं ३६ ठिकाणी तीनशे-चारशे ड्रोन पाठवल्याचं आपल्या सरकारनं सांगितलं. तेव्हापासून आमच्या डिप्लोमाच्या बॅचच्या ग्रुपवर रोज कुणी ना कुणी ड्रोनचा कारखाना काढतोच. एकजण म्हणतो, उद्यमबागेत, म्हणजे आमच्या बेळगावच्या औद्योगिक वसाहतीत, मशीनं रिकामी उभी हाईत, द्या की काम. दुसरा म्हणतो, बेळगावजवळच्या हत्तरगीच्या सेझमध्ये एअरबसच्या विमानांचे पार्ट बनतात, त्यापुढं ड्रोन म्हणजे किस झाड की पत्ती. तिसऱ्याला खात्री आहे की बंगळूरवाले बेळगावला काही मिळू देणार नाहीत. चौथा लगेच कोल्हापूरच्या एमआयडीसीत जागा बघायला लागतो. शेवट ठरलेला असतो: "युक्रेननं तीन वर्षांत करून दाखवलं. आपल्याला काय धाड भरलीय?"

आणि मग माझ्याकडं बोट. कारण मी पोलंडमध्ये झेशूव या शहरात राहतो आणि युक्रेनची हद्द इथून गाडीनं तासाभरावर आहे. "तू तिथं हाईस, तूच सांग."

सांगतो.

पहिली गोष्ट, युक्रेननं शून्यातून काही केलेलं नाही. कीवमध्ये अंतोनोवचा विमान कारखाना, झापोरिझ्झियात मोटर सिचची इंजिनं, द्निप्रोत रॉकेटचा कारखाना, खार्किवला विमानविद्येची संस्था, शिवाय परदेशी कंपन्यांसाठी कोड लिहिणारी पोरं ढिगानं. सोविएत काळापासून हा देश उडणाऱ्या वस्तू बनवतोय. पण गंमत अशी की ड्रोनची लाट या बड्या कारखान्यांतून आली नाही. २०२२ साली युद्ध सुरू झालं तेव्हा तुर्कस्तानच्या बायरक्तार या लष्करी ड्रोनचा बोलबाला होता. तो महाग, मोठा, आणि रशियाची हवाई संरक्षण यंत्रणा सावरल्यावर फारसा टिकेना. खंदकातल्या शिपायाच्या हाती आला तो लग्नाचं शूटिंग करायला वापरतात तसला चिनी ड्रोन. ते बनवणाऱ्या डीजेआय या चिनी कंपनीनं एप्रिल २०२२ मध्ये दोन्ही देशांतली विक्री थांबवली, तरी तिसऱ्या-चौथ्या देशातून, लोकवर्गणीतून, पाठीवरच्या सॅकमधून ते येत राहिले. ते पडायचे, मोडायचे. मग कुणीतरी गॅरेजमध्ये बसून दुरुस्त करायचं. आज नाव असलेले बरेच ड्रोन बनवणारे तिथं या दुरुस्तीच्या टेबलावरून उठलेले आहेत.

लंडनच्या रुसी (RUSI) या संरक्षणविषयक अभ्यास संस्थेनं मे २०२३ मध्ये अंदाज दिला होता की युक्रेन महिन्याला सुमारे दहा हजार ड्रोन गमावतंय. एवढा खप असलेल्या वस्तूचे कारखाने निघणारच. डिसेंबर २०२३ मध्ये झेलेन्स्कींनी पुढच्या वर्षी दहा लाख ड्रोन बनवू म्हणून जाहीर केलं, लोक हसले, आणि २०२४ संपताना आकडा वीस लाखांच्या वर गेला होता. २०२५ साठी फक्त एफपीव्ही, म्हणजे डोळ्याला चष्मा लावून उडवायचे छोटे स्फोटक ड्रोन, ४५ लाख खरेदी करायचं तिथल्या संरक्षण मंत्रालयानं ठरवलं. एकाची किंमत चारशे-पाचशे डॉलर. तोफगोळे मिळत नव्हते तेव्हा, २०२४ च्या सुरुवातीला अमेरिकेची मदत संसदेत अडकली होती तेव्हा, आघाडी बरीचशी यांनीच धरून ठेवली.

हे आकडे ग्रुपवर सगळ्यांना पाठ आहेत. त्यांच्यामागं काय आहे ते मात्र मला इथं येऊन, कामावर जेवणाच्या सुट्टीत कळलं. आमच्या तपासणी विभागात ल्विवहून आलेली एक बाई आहे. तिचा भाऊ घराच्या तळघरात एफपीव्ही जोडतो. घरी बसून ड्रोन जोडायला शिकवणारे वर्ग तिथं रीतसर चालतात, शिक्षिका, निवृत्त बँकवाले, कुणीही शिकतं. ती सांगते, भावाच्या फोनवर आघाडीवरच्या मुलांचे निरोप सतत येत असतात. ह्या आठवड्यात शत्रूनं ही रेडिओ फ्रिक्वेन्सी जाम केली, व्हिडिओ ट्रान्समीटर बदल. सोल्डर थंडीत तडकतंय. सात इंची पंख्यावर वजन उचलत नाही, दहा इंची कर. अँटेना फांदीला अडकते, इकडं वळव. पुढच्या खेपेत बदल झालेला असतो. मग रशियावाले तेही जाम करायला शिकतात, आणि पुन्हा पहिल्यापासून. रशियानं केसासारख्या बारीक ऑप्टिकल फायबरचं रीळ मागं सोडत जाणारे ड्रोन आणले, ज्यांना रेडिओच नाही तर जाम काय करणार, तेव्हा काही महिन्यांत युक्रेनमध्येही रिळं गुंडाळायची यंत्रं सुरू झाली.

म्हणजे तिथं वापरणारा आणि बनवणारा यांच्यात एका फोनचं अंतर आहे. माझ्या मते सगळा उद्योग त्यावर उभा आहे. जमीन, सवलत, पार्क, उद्घाटनाचा नारळ हे सगळं नंतरचं.

सरकारनं काय केलं? मुख्य म्हणजे वाटेतून बाजूला झालं. सुट्या भागांवरचा आयातकर काढला. बनवणाऱ्याला पंचवीस टक्क्यांपर्यंत नफा घ्यायला मुभा दिली. एप्रिल २०२३ मध्ये 'ब्रेव्ह१' नावाची यंत्रणा काढून नव्या कल्पना थेट सैन्यापर्यंत नेल्या. पुढं तर ब्रिगेडांच्या हाती पैसे दिले, तुम्हाला हवं ते तुम्हीच घ्या म्हणून. आता त्यांच्या ऑनलाइन बाजारात युनिटं ड्रोन निवडतात, आणि शत्रूचं किती नुकसान केलं याचा व्हिडिओ दाखवून मिळवलेल्या गुणांवर ते घेताही येतात. रणगाड्याला इतके गुण, माणसाला इतके. मला हे पहिल्यांदा ऐकून जेवण गेलं नाही. ल्विवची बाई शांतपणे म्हणाली, तुझ्या गावावर रोज रात्री ड्रोन पडत नाहीत म्हणून.

खरंय तिचं. म्हणूनच "युक्रेनसारखं करू" हे वाक्य मला टोचतं. आमच्याकडं 'क्लस्टर करा, क्लस्टर करा' असा धोशा आहे. युक्रेनमध्ये ड्रोनचं क्लस्टर म्हणजे क्षेपणास्त्राला पत्ता देणं. म्हणून काम विखुरलेलं असतं, तळघरांत, पाटी नसलेल्या शेडमध्ये, आज इथं तर उद्या दुसरीकडं. कामगार सैन्यभरतीत निघून जातात. कारखान्यांची क्षमता आहे पण सरकारकडं विकत घ्यायला तेवढा पैसा नाही, मग डेन्मार्कसारखा देश थेट तिथल्या कारखान्यांची बिलं भरतो. हा उद्योग मरणाच्या दारात वाढलेला आहे.

आता हत्तरगीचा मुद्दा, कारण तो मला जवळचा आहे. झेशूवच्या आसपास २००३ पासून विमान उद्योगाची संघटना आहे, तिचं नावच 'विमानांचं खोरं'. मी इथं इंजिनाच्या पार्टवर काम करतो. एखाद्या त्रिज्येत शतांश मिलिमीटरचा बदल करायचा तर कागद किती टेबलं फिरतो ते मला ठाऊक आहे, आणि ते तसंच असायला हवं, वर माणसं बसलेली असतात. पण ही शिस्त आणि दर पंधरवड्याला डिझाइन बदलायची सवय एका छताखाली नांदत नाहीत. पुरावा इथलाच घ्या. सप्टेंबर २०२५ मध्ये एका रात्री वीसेक रशियन ड्रोन पोलंडमध्ये घुसले. त्यांतले बरेच फोम आणि प्लायवूडचे, लक्ष विचलित करायला पाठवलेले. ते पाडायला कोट्यवधींची लढाऊ विमानं उडाली. आमचं झेशूवचं विमानतळ बंद झालं. एवढं विमानांचं खोरं, पण स्वस्त ड्रोनला स्वस्तात पाडायचा उपाय त्या रात्री हाताशी नव्हता. तेव्हा एअरबसचे पार्ट करतो म्हणून ड्रोन आपोआप येतील, या भ्रमात राहू नये.

मग बेळगावकडं काय आहे? माझ्या मते पुष्कळ आहे, फक्त आपण भलतीकडं बघतोय.

माझा चुलतभाऊ उद्यमबागेत जॉबवर्क करतो. दोन व्हीएमसी, म्हणजे संगणकावर चालणारी मिलिंग मशीनं, एक सीएनसी लेथ, चार पोरं. हायड्रॉलिक व्हॉल्व्हच्या बॉड्या, पंपाचे पार्ट, पुण्याच्या ऑर्डरी. हाताला सफाई आहे. तुटलेला पार्ट आणून टेबलावर ठेवला की ड्रॉइंग न मागता तसाच्या तसा करून देणारी माणसं या गावात गल्लीगल्लीत आहेत. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी सायकलचं दुकान आणि लोखंडी नांगर इथंच सुरू केला. नगरपालिकेनं जागा सोडायला लावली आणि १९१० मध्ये ते औंध संस्थानात गेले, ही हळहळ आपण चार पिढ्या उगाळतोय. त्याआधीचा भाग कुणी सांगत नाही: लोखंडानं जमीन विषारी होते असं शेतकरी मानत होते, पहिले नांगर पडून राहिले होते, आणि तरी लक्ष्मणराव गिऱ्हाइकाच्या बांधावर टिकून राहिले.

आणि त्याच गावात, रिक्षानं जाण्याच्या अंतरावर, मराठा लाइट इन्फंट्रीचं रेजिमेंटल सेंटर. सांबऱ्याला हवाई दलाचं प्रशिक्षण केंद्र. पायदळाच्या बटालियनमध्ये ड्रोनची 'अश्नी' प्लाटून ठेवायचं लष्करप्रमुखांनी जुलै २०२५ मध्ये जाहीर केलं. आमचे एक काका सुभेदार म्हणून निवृत्त झाले, येळ्ळूरला असतात. त्यांना विचारलं, काका, तुमच्या पलटणीनं कधी उद्यमबागेतून काही करून घेतलं? म्हणाले, "एकदा गेटची बिजागरी." हसू आलं, पण दुखणं तेच आहे. शिपाई आणि लेथ एकाच गावात, आणि दोघांची गाठ पडायची तर निविदेमार्गे दिल्लीत. पलटणीनं दहा नग घ्यावेत, मोडावेत, शिव्या घालून परत पाठवावेत, पुढच्या महिन्यात अकरावा बरा यावा, असा रस्ताच नाही. बेळगावच्या आमदार-खासदारांना मागायचंच असेल तर हे मागा. सेंटरला थोडीशी रक्कम, खर्चायची मोकळीक, आणि मोडलेल्या नगासाठी कुणाची चौकशी न लावण्याची हमी. शेवटचं सगळ्यात अवघड.

'स्वदेशी'बद्दलही जरा दमानं. फेब्रुवारी २०२२ मध्ये भारतानं तयार ड्रोनच्या आयातीवर बंदी घातली, सुटे भाग मात्र येऊ दिले. परिणाम काय, तर चौकट आपली आणि आतडी चिनी. २०२५ च्या सुरुवातीला लष्करानं चिनी भागांच्या कारणावरून चारशे ड्रोनचे करार रद्द केले ते यामुळंच. युक्रेनही यातून सुटलेलं नाही, मोटरपासून चुंबकापर्यंत चीनकडंच बघावं लागतं. एप्रिल २०२५ मध्ये चीननं दुर्मिळ मूलद्रव्यांच्या चुंबकांवर निर्बंध आणले तेव्हा आपल्या वाहन कंपन्यांचीही पळापळ झाली. उद्यमबाग चुंबक बनवू शकणार नाही. मोटरचा शाफ्ट, घंटा (मोटरचं बाहेरचं फिरतं कवच), हाउसिंग, पंप, नोझल, पाय हे उद्या सकाळी बनवू शकते.

पण कुणासाठी? आज, आत्ता, बेळगाव जिल्ह्यात रोज ड्रोन उडवणारं गिऱ्हाईक कोण? चिकोडी, निपाणी, गोकाकचा ऊस. ऊस पुरुषभर वाढला की आत शिरून फवारणी होत नाही, पानं अंग कापतात. तिथं दहा लिटरची टाकी घेऊन वरून जाणारा ड्रोन खराच उपयोगी. केंद्राची 'नमो ड्रोन दीदी' योजना १२६१ कोटींची, पंधरा हजार बचत गटांसाठी, ऐंशी टक्के अनुदान आठ लाखांच्या मर्यादेत. छान. पण ड्रोन विजेच्या तारेला धडकून हात मोडला की तो पुण्याला नाहीतर बंगळूरला पाठवायचा, आणि तोवर हंगाम संपतो. युक्रेनचा धडा घ्यायचाच तर दुरुस्तीचं टेबल इथं मांडा. इथं मरण नाही, भरती नाही, फक्त ऊस आहे आणि चिडलेली गिऱ्हाइकं. मला तर ही चैन वाटते.

राहिला बेळगाव की कोल्हापूर हा वाद. फेब्रुवारी २०२५ मध्ये भाषेवरून कंडक्टरला मारहाण झाली आणि दोन्ही राज्यांच्या बसगाड्या थांबल्या, तेव्हाही कास्टिंगचे ट्रक कोगनोळी ओलांडून जातच होते. इथं पोलंडमध्येही जुन्या जखमा कमी नाहीत. ल्विव १९३९ पर्यंत पोलंडचं होतं आणि म्हाताऱ्या पोलिश घरांत अजून त्या गावाचे फोटो लावलेले असतात. नोव्हेंबर २०२३ मध्ये पोलिश ट्रकवाल्यांनी भाड्याच्या स्पर्धेवरून हद्दच अडवली, मैलोनमैल रांगा लागल्या, आणि आमच्या तपासणी विभागात आठवडाभर कुणी कुणाशी धड बोललं नाही. नंतर रांगा सुटल्या. ज्याला माल हवा असतो तो वाट काढतो. १ नोव्हेंबरला ज्यांनी काळा दिवस पाळायचा त्यांनी पाळावा, मीही शाळेत असताना फेरीत चाललोय. पण ड्रोनचा पाय कुठल्या राज्यात वळवला हे उसाला कळत नाही.

ग्रुपवर हे सगळं लिहिलं तर दोघांनी अंगठा दिला आणि तिसऱ्यानं ड्रोन पार्कच्या जागेचा नकाशा टाकला. चुलतभावाचा मात्र फोन आला. चिकोडीच्या एका बचत गटाच्या ड्रोनचा मोडलेला पाय त्याच्याकडं आलाय. कुठल्या ग्रेडचं ॲल्युमिनियम वापरू, विचारत होता. मी म्हटलं, ग्रेडचं नंतर बघू, आधी त्या उडवणाऱ्या बाईंना फोन लाव आणि विचार, उतरताना मोडला की उचलताना.