काका, गोळी बंद करून पाहिली होती

नमस्कार काका,

तुमची प्रतिक्रिया रविवारी सकाळी पोहे खाताना वाचली. पोहे गार झाले, त्याचा दोष तुमच्याकडे.

बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगते. मागच्या लेखात मी लिहिलं होतं की कला आणि मनोविकार यांचा काडीचाही संबंध नाही, ‘वेडा कलावंत’ ही सिनेमावाल्यांनी पोसलेली भाकडकथा आहे. त्यावर ग्वाल्हेरच्या लष्कर भागातून हे काका लिहितात: “बाई, तुम्ही हिशेबनीस, तुम्हाला काय कळायचं? व्हॅन गॉगला वेळेवर गोळ्या मिळाल्या असत्या तर जगाला सूर्यफुलांऐवजी एक सुधारलेला पाद्री मिळाला असता. कुमार गंधर्व आजारी पडले म्हणून माळवा त्यांच्या गळ्यात आला. वेड वगळून कला मागणं म्हणजे तुमच्या इंदुरी पोह्यांतून कांदा वेचून काढणं.” शेवटी दोन ओळी नातवाबद्दल आहेत. त्यांच्याकडे मी शेवटीच येते.

आधी माझी चूक. ‘काडीचाही’ हा शब्द झोकात लिहून गेले, तो मागे घेते. संबंध आहे, पण तुम्ही म्हणता तसा नाही. नॅन्सी अँड्रियासन या अमेरिकन मनोविकारतज्ज्ञ बाईंनी १९८७ साली प्रसिद्ध केलेला अभ्यास सगळे पुढे करतात. आयोवातल्या लेखन कार्यशाळेतले ३० लेखक आणि तुलनेला लेखक नसलेले ३० जण. लेखकांपैकी ८० टक्क्यांना आयुष्यात कधी ना कधी नैराश्य किंवा उन्माद होऊन गेला होता, इतरांत ३० टक्क्यांना. आकडा जोरदार आहे. पण माणसं तीसच, आणि मुलाखती घेणाऱ्या बाईंना समोर लेखक बसलाय हे ठाऊक. असा ताळेबंद माझ्या टेबलावर आला तर मी सही करणार नाही.

स्वीडनमधल्या कामावर मात्र करावी लागते. सिमॉन क्यागा आणि सहकाऱ्यांनी तिथल्या सरकारी नोंदींतून जवळजवळ १२ लाख रुग्ण आणि त्यांचे नातेवाईक तपासले. निघालं ते असं की कलेच्या आणि शास्त्राच्या व्यवसायातली माणसं एकंदरीत इतरांपेक्षा जास्त आजारी नसतात. फक्त बायपोलर, म्हणजे कधी उन्माद तर कधी खोल नैराश्य, तो त्यांच्यात जास्त दिसतो. लेखकांचं मात्र बऱ्याच विकारांत पारडं जड, आत्महत्येतही. त्यात आणखी एक गोष्ट आहे, ती पुढे सांगते, कारण ती आमच्या घरातली आहे.

आता तुमची सूर्यफुलं. ती चित्रं फ्रान्समधल्या आर्ल गावातली, ऑगस्ट १८८८ ची. स्वतःचा कान कापल्याचा प्रसंग त्याच वर्षीच्या डिसेंबरातला, पहिला मोठा झटका तो. म्हणजे फुलं आधीची आहेत, काका. तुम्ही ‘तारांकित रात्र’ म्हणाला असतात तर मला जरा अडचण झाली असती, कारण ते चित्र व्हॅन गॉगनी जून १८८९ मध्ये सँ-रेमीच्या मनोरुग्णालयात असताना काढलं. वर्षभरात तिथे सुमारे १५० चित्रं झाली. पण ती झटक्यांच्या मधल्या दिवसांत. तिथे त्यांना चित्रं काढायला वेगळी खोली दिली होती. जुलैत झटका आला तेव्हा या गृहस्थांनी रंग खाल्ला, आणि मग रंगच काढून घेतले. बरेच आठवडे काम बंद. त्या आठवड्यांची चित्रं कुठल्याही संग्रहालयात नाहीत, कारण ती काढलीच गेली नाहीत.

कुमारांचा क्षय हा मनोविकार नव्हे, पण तुमचा तर्क तोच आहे म्हणून बोलते. ते १९४८ च्या सुरुवातीला हवापालटासाठी देवासला आले आणि पुढे पाच-सहा वर्षं गाणं बंद. पडल्या पडल्या माळव्यातल्या बायकांची गाणी कानावर पडली, त्यांनी ती टिपली, हे खरं. पण त्या काळी क्षयाने अंथरूण धरलेली माणसं माळव्यात कमी होती का? दहा-बारा वर्षांचा असतानाच बैठका गाजवलेला तो कान होता. आणि गाणं परत आलं ते क्षयावरचं स्ट्रेप्टोमायसिन मिळाल्यावर, पत्नी भानुमतीबाईंच्या शुश्रूषेने. तुमच्या गोष्टीत औषधही नाही आणि भानुमतीबाईही नाहीत. मला तुमच्या गोष्टीचा राग येतो तो इथे.

कारण आमच्याकडे एक मामी होती.

माझे मामा साइनबोर्ड रंगवायचे आणि भाद्रपदात एका गिरणीच्या झांक्यांचे पडदे. (इंदूरबाहेरच्यांसाठी: अनंत चतुर्दशीच्या रात्री इथे कापड गिरण्यांच्या झांक्या निघतात. गाड्यांवर हलते पुतळे, दिव्यांचे देखावे, आणि पहाटेपर्यंत सगळं शहर रस्त्यावर. गिरण्या बंद पडल्या तरी झांक्या बंद पडलेल्या नाहीत.) मामांना बायपोलर होता. १९७९ पासून त्यावरची लिथियमची गोळी चालू. १९८३ साली त्यांनी महेश्वरचा घाट रंगवला. पावडरचा रंग, त्यात सरस, कापड साधं मांजरपाट. पायऱ्यांच्या कडांवर बोटभर पिवळा लावला होता आणि बाकी दगड जवळजवळ कोरा सोडला होता. वरून बल्ब लागला की त्या पायऱ्या ओल्या दिसायच्या. मी लहान होते, हात लावून पाहिला होता. कोरडी खरखर. मामा म्हणाले, “पाणी काढायचं नसतं, जागा सोडायची असते.”

हे सगळं गोळी घेऊन. गोळीची किंमत होती, नाही म्हणत नाही. लिथियमने हात बारीक थरथरतो. मामा मनगटाखाली काठी टेकवून अक्षरं काढायचे, आणि अक्षर लिहिताना जीभ दातात धरायचे. रक्तातलं प्रमाण साधारण ०.६ ते १.० च्या मध्ये ठेवावं लागतं. खाली गेलं तर उपयोग नाही, फार वर गेलं तर विष. मे महिन्यात घाम जाऊन पाणी कमी पडलं की ते चढतं. म्हणून मामी माठाशेजारी पेले मांडून ठेवायची आणि संध्याकाळी किती उरले ते मोजायची. दर काही महिन्यांनी रक्ताची तपासणी, तिचे पैसे शिवणकामातून.

१९८६ साली झांकीचे एक कार्यकर्ते घरी आले आणि मामीला म्हणाले, “वहिनी, पंधरा दिवस गोळी बंद ठेवा. गोळीने त्यांचा हात बसलाय. पूर्वीची आग राहिली नाही.” वाईट मनुष्य नव्हता. तुमच्यासारखाच रसिक होता. मामी नाही म्हणाली. मामांनी मात्र ते ऐकलं, आणि रोजची गोळी ब्रशांच्या डब्यात टाकू लागले.

पहिले तीन-चार दिवस दृष्ट लागावी असे गेले. एका रात्रीत सात कच्ची चित्रं. कार्यकर्ते खूश. नंतर एकही पडदा पुरा होईना. मामीच्या बांगड्या गहाण टाकून ट्यूबचे महागडे रंग आले. झांकीच्या कापडावर ट्यूबचा रंग! पोतराजाला पैठणी. बकासुराच्या जबड्यात तेवीस दात आणि प्रत्येक दाताला नाव, ती नावं मामा रस्त्यावरच्या माणसांना ऐकवायचे. रंग इतका जाड की चतुर्दशीपर्यंत वाळला नाही. आदल्या रात्री दुसऱ्या पेंटरने नवीन कापड ताणून साधासा बकासुर काढून दिला. झांकी निघाली तेव्हा मामा दवाखान्यात होते. डब्यातल्या गोळ्या मामीला दिवाळीच्या साफसफाईत सापडल्या, टर्पेंटाइनमध्ये भुगा होऊन तळाला पांढरा थर झालेला.

उन्मादात कल्पना येतात, धो धो येतात, हे मीही पाहिलंय. त्यांतली कुठली ठेवायची हे ठरवणारा माणूस मात्र त्या वेळी घरी नसतो. मोगेन्स शू या डॅनिश डॉक्टरांनी लिथियम घेणाऱ्या २४ कलावंतांना विचारलं होतं, १९७९ सालचं काम आहे. १२ जण म्हणाले काम वाढलं, ६ म्हणाले फरक नाही, ६ म्हणाले कमी झालं. त्या शेवटच्या सहांना मी खोटं म्हणणार नाही. मामा कदाचित त्यांच्यातच हात वर करून बसले असते. पण बाराजणांचं नाव तुम्ही रसिक मंडळी घेतच नाही.

आणि आपली भाषाही वस्ताद आहे. गाण्याचं वेड, नाटकाचं वेड म्हणताना आपण मान डोलावतो, आणि गल्लीतली पोरं त्याच शब्दाने मामांच्या मागे लागायची.

आता ती राहिलेली गोष्ट. स्वीडनच्या नोंदींत असंही दिसलं की बायपोलर किंवा स्किझोफ्रेनियाच्या रुग्णांची निरोगी भावंडं कलेच्या व्यवसायांत जास्त आढळतात. म्हणजे वाहतं ते बहुधा घराण्यात वाहतं, आणि त्यासाठी आजारी पडावंच लागतं असं नाही. हे वाचलं तेव्हा मला आई आठवली, मामांची सख्खी बहीण. एक दिवस कधी डोकं फिरलं नाही तिचं. भोंडल्याची नवी गाणी ती चपात्या लाटता लाटता रचायची, चाल आधी, शब्द मागून. राजेंद्रनगरात निम्म्या घरांतल्या मुली ती गात. तिला कलावंत कुणी म्हटलं नाही, माझ्यासकट. वेळेवर जेवायची, वेळेवर झोपायची, मग कोण म्हणणार?

आता नातू. तुम्ही लिहिता, तो व्हायोलिन वाजवतो, तीन आठवडे रात्री दोन-तीन तासच झोपतो, तरी ताजातवाना असतो, भराभर बोलतो, आणि घरचे उगाच घाबरलेत, “ही तर कलावंताची लक्षणं.” काका, झोप न येणं वेगळं आणि झोपेची गरजच न वाटणं वेगळं. झोप न आलेला माणूस दुसऱ्या दिवशी गळून जातो. आमच्याकडे १९८६ च्या त्या पंधरवड्यात मामा अजिबात गळाले नव्हते. मी डॉक्टर नाही, तुमच्या भाषेत हिशेबनीसच, म्हणून निदान करत नाही. सून म्हणते ते ऐका आणि त्याला याच आठवड्यात मनोविकारतज्ज्ञांकडे न्या. लगेच जमत नसेल तर सरकारची टेली-मानस सेवा आहे, १४४१६, फोन फुकट लागतो. त्याने काही मोठी खरेदी किंवा उसनवारी केली आहे का, तेही हळूच बघून ठेवा.

व्हायोलिन काढून घेऊ नका. आणि तज्ज्ञांकडे काय झालं ते मला इथे चारचौघांत नको, मेलवर कळवा.