कॅमेरा लावलात, पण फुटेज कुणाच्या हातात?

राजकोटच्या प्रसूती रुग्णालयाची बातमी आठवतेय ना, फेब्रुवारी 2025 ची? आतल्या सीसीटीव्हीतले बायकांचे तपासणीचे व्हिडिओ टेलिग्रामवर विकले जात होते, आणि पकडलेल्यांमध्ये आपल्या लातूर-सांगलीकडची पोरं पण होती. हॅकरला सगळ्यांनी शिव्या घातल्या, बरोबरच आहे, पण तपासणीच्या खोलीत कॅमेरा लावलाच कुणी आणि कशासाठी हे फार थोड्यांनी विचारलं. आणि वर आपले लोक म्हणणार, लपवण्यासारखं काही नसेल तर घाबरायचं कशाला. अरे, त्या बायका काय लपवत होत्या?

माझा कॅमेऱ्यांना विरोध नाहीये. 26/11 च्या हल्ल्यानंतर चौकशीला नेमलेल्या राम प्रधान समितीने शिफारस केली, मग 2016 मध्ये मुंबईत हजारो कॅमेरे सुरू झाले, चेन खेचणारे, ठोकून पळणारे त्यात सापडतात, ते हवंच. माझं म्हणणं एवढंच की रेकॉर्डिंग कोण बघतं, किती दिवस ठेवतं आणि बाहेर गेलं तर जबाबदार कोण, हे लिहून ठेवलेलं पाहिजे.

आपल्या सोसायट्यांचंच बघा. डीव्हीआर, म्हणजे रेकॉर्डिंग साठवणारा डबा, वॉचमनच्या केबिनमध्ये, पासवर्ड कॅमेरे बसवणाऱ्याने दिला होता तोच अजून, आणि लाइव्ह फीड कमिटीतल्या कोणाकोणाच्या मोबाईलवर. मग भाड्याने राहणारी मुलगी रात्री किती वाजता आली, सोडायला कोण आलं होतं, याची क्लिप व्हॉट्सअॅप ग्रुपवर फिरते आणि चार लोक तिच्या घरमालकाला फोन करतात. ही काय सुरक्षा झाली? तिला या लोकांपासून कोण वाचवणार?

2017 मध्ये सुप्रीम कोर्टाच्या नऊ न्यायाधीशांनी एकमताने सांगितलंय की खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे. 2023 ला लोकांची वैयक्तिक माहिती जपायचा डेटाचा कायदा पण आला, पण त्यात सरकारी यंत्रणांना सूट द्यायची सोय करून ठेवलीय. आणि ज्या पोलीस ठाण्यांत कॅमेरे लावा, रेकॉर्डिंग 18 महिने जपा असं कोर्टाने 2020 मध्ये बजावलं, तिथले कॅमेरे चालत नाहीत म्हणून 2025 मध्ये कोर्टाला परत स्वतःहून दखल घ्यावी लागली. म्हणजे जिथे माणूस कोठडीत मार खाऊ शकतो तिथला कॅमेरा बंद, आणि आमच्या जिन्यातला चोवीस तास चालू. याचा मला खरंच संताप येतो.

येत्या एजीएमला, म्हणजे सोसायटीच्या वार्षिक सभेला, मी ठराव मांडणार आहे. गेट, पार्किंग आणि लिफ्ट सोडून कॅमेरा नको, कोणाच्या दाराकडे तोंड करून तर नकोच, महिन्याभराने फुटेज पुसायचं, आणि ज्याला बघायचंय त्याने रजिस्टरमध्ये नाव, वेळ, कारण लिहायचं. तुमच्या सोसायटीत असा नियम आधीच केला असेल तर त्याचा मसुदा मला पाठवा प्लीज.