भावोजींचं गरम पाणी

ठाण्याच्या भावोजींचे गुडघे दुखतात, आणि गोव्यात गरम पाण्याची कुंडं आहेत असं मोबाइलवरच्या कुठल्याशा यादीने त्यांना सांगितलं. आमच्याकडच्या झरी थंड, हे मी परोपरीने सांगितलं. पण जावयापुढे मेव्हण्याला कोण विचारतो! रविवारी वेर्ण्याजवळच्या केसरव्हाळच्या झरीवर गेलो. पेट्रोल माझं.

पायरीवर ओल्या पंच्यानिशी एक म्हातारे बसले होते. "पाणी गरम आहे का हो?" भावोजींनी त्यांना विचारलं.

"आहे तर! पण एकदम कळत नाही."

मी हात घातला. "थंडगार आहे."

"हाताला नाही कळायचं, पात्रांव. हात चहाच्या कपाने मेलेला. पाठ लावा."

भावोजींनी पाठ लावली आणि शहारले.

"आला काटा? आत उष्णता शिरते ना, तिचा तो."

मग माझ्याने राहवेना. "अहो, हे सड्यावर, वरच्या कातळी पठारावर, पडलेलं पावसाचं पाणी. जांभ्यातून झिरपतं, खाली चिकणमाती लागली की पायथ्याशी बाहेर येतं. तापणार कधी? तिकडे रत्नागिरीकडे गरम झऱ्यांचं पाणी भेगांतून खोल उतरतं, किलोमीटरमागे साधारण 25-30 अंश तापतं आणि गार व्हायच्या आत वर येतं. तिथेही ज्वालामुखी नाही. दख्खनचा लाव्हा थंड होऊन सहा कोटींवर वर्षं झाली."

म्हाताऱ्यांनी सगळं ऐकून घेतलं. "तुम्ही इथले नव्हे वाटतं."

माझा जन्म म्हापशाचा! भावोजी हसले. ते हसणं मला अजून पचलेलं नाही.

"पहाटे चारला या. वाफ दिसते. मग माणसं जमतात, नजर लागते, पाणी निवतं." हे सांगताना त्यांचे दात कडकडा वाजत होते. भावोजींना दया आली. त्यांनी म्हाताऱ्यांच्या अंगावर टॉवेल टाकला. कोरा. माझा.

आता गंमत बघा. वज्रेश्वरी, गणेशपुरी, अकलोली, सगळी ठाणे जिल्ह्यातली, खऱ्याखुऱ्या गरम पाण्याची. महामार्गाने गोव्याला येताना आरवली लागते, तुरळ लागतं, राजापूरला जरा आत वळलं की उन्हाळे गाव. घरची ती सोडून, वाटेवरच्या ह्या गरम पाण्यांच्या अंगावरून भावोजी घोरत आले. आणि पाणी गरम नाही याचा जाब मला! झरीच्या तोंडाशी फुटक्या बाटल्यांचा खच पडलाय, माझ्या चपलेत काच घुसली, त्याबद्दल कोणी बोलत नाही. यादी करणाऱ्याने ह्या पाण्यात पाय तरी बुडवला होता का, हेही कोणी विचारत नाही.

रात्री भावोजींनी ताईला फोनवर सांगितलं, "कोमट होतं. गुडघ्याला बरं वाटतंय." मग फोन माझ्याकडे आला.

"तू उगाच नाही म्हणत होतास ना रे," ताई म्हणाली. "उद्या पहाटे चारला घेऊन जा त्यांना."