सातबारा म्हणजे ताबा नव्हे

जमिनीच्या दाव्यांवरच्या एका लेखात म्हटलंय की सातबारा नावावर असला की अपिलात ताबा आपोआप सिद्ध होतो. अर्धंच खरं आहे. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियमाच्या कलम 157 प्रमाणे नोंद खरी धरली जाते, पण विरुद्ध पुरावा येईपर्यंतच. आणि फेरफाराने, म्हणजे सातबाऱ्यावरची नावं बदलण्याच्या नोंदीने, मालकी मिळत नाही, हे कोर्टांनी कितीदा सांगितलंय!

ताब्यासाठी खरा उपयोग नमुना 12 चा, म्हणजे पीकपाहणीचा. पण तोही एका वर्षाचा नको, सलग हवा. दाव्याच्या तोंडावर अचानक एका हंगामात नाव बदललेलं दिसलं की समोरचा वकील तलाठ्याला विचारणारच: नमुना 14 (नोंदीतल्यापेक्षा दुसराच कोणी जमीन कसताना आढळला तर भरायचा फॉर्म) भरला होता का, कब्जेदाराला नोटीस दिली होती का? तिथे तलाठी अडखळला की त्या नोंदीत फारसा दम राहत नाही. 2021 पासून ई-पीक पाहणीत शेतकरी स्वतःच मोबाईलवरून नोंद करतो, त्यामुळे हा वाद पुढे वेगळंच वळण घेईल असं मला वाटतं.

बाकी शेतसारा पावती, वीजबिल, मोजणीचा नकाशा, चतुःसीमा सांगू शकणारा शेजारी, हे सगळं खालच्या कोर्टातच दाखल करा. अपिलात नवा कागद आणायचा तर दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 41 नियम 27 आडवा येतो, नवा पुरावा सहसा घेतला जात नाही. दुसऱ्या अपिलात तर त्याच संहितेच्या कलम 100 खाली कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न लागतो. ताबा कोणाचा ही वस्तुस्थिती, तिच्यात हायकोर्ट सहसा हात घालत नाही.